सापडलेल्या मुलीची बुलिक

"माझ्या पोटी कुणी जन्मलेलं नाही," असं रुकिनाह एकदा म्हणाली होती.

म्हणाली ती रंगमंचावर, राजकन्येच्या वेषात, समोर गुडघे टेकून बसलेल्या राजपुत्राला. राजपुत्राने विचारलं होतं, तुझ्या मनात आधीचं कुणी आहे का. त्यावर ती काहीही म्हणू शकली असती. केतोप्राक हे जावातलं लोकनाट्य, त्याच्या खेळाला लिहिलेली वाक्यं नसतात. दुपारी सूत्रधार पाक जोयो सगळ्यांना पडद्यामागे चटईवर बसवायचे, गोष्ट सांगायचे, कुणी काय व्हायचं ते फळ्यावर खडूने लिहायचे आणि हात झटकून उठायचे. "गोष्ट माझी, तोंडं तुमची. पाप लागलं तर तुम्हाला." म्हणजे ते वाक्य कुणी तिला दिलेलं नव्हतं. प्रेक्षकांना ते आवडलं. पुढच्या रांगेतून कुणीतरी लवंगी सिगारेटचं पाकीट तिच्या पायाशी फेकलं, त्या भागात कौतुक असंच करतात. आणि त्याच घटकेला मांडवामागच्या बांबूच्या खोपटात तिची पस्तीस दिवसांची मुलगी तापाने फणफणलेली होती.

गाव पाराकान होतं, दिवस तंबाखूच्या काढणीचे. डोंगरउतारावरची माणसं खिशात पैसे घेऊन खाली यायची आणि पत्र्याचा मांडव रोज फुटायला आलेला असायचा. मुलीचा बाप कंपनीचाच आधीचा राजपुत्र. रुकिनाहला पाचवा महिना लागला तेव्हा तो दुसऱ्या कंपनीबरोबर पूर्वेकडे निघून गेला. जाताना आपला मुकुट मात्र विसरला नाही.

मुलगी जन्मली मंगळवारी, आणि बाजाराच्या पाच दिवसांतला तो क्लिवोन. सात वारांची माळ आणि बाजाराच्या पाच दिवसांची माळ अशा दोन माळा शेजारी शेजारी फिरतात. तीच जोडी पुन्हा जुळायला पस्तीस दिवस लागतात. माणसाचा जन्म ज्या जोडीवर होतो तो त्याचा वेतोन. रुकिनाहचा स्वतःचा वेतोनही मंगळवार क्लिवोनच होता. सुईणीने हे ऐकलं आणि नाळ कापायचा हात थांबला.

"आईचा आणि लेकराचा एकच वेतोन," ती म्हणाली. "एका छपराखाली दोघी राहणार नाहीत. मोजणारा येतो. दोघींतली एक नेतो."

त्यावरचा उपाय तिथल्या शेंबड्या पोरालाही माहीत असतो. मूल टाकून द्यायचं. अंगणाचा केर काढायचा, तो सुपात भरायचा, त्याच सुपात मूल ठेवायचं आणि सूप उकिरड्यावर नेऊन ठेवायचं. मागे वळून बघायचं नाही. मग दुसरी एखादी बाई सहज गेल्यासारखी तिकडे जाते आणि ओरडते, अगं बाई, इथे कुणाचं तरी मूल पडलंय. ती उचलते. मूल तिचं ठरतं. मोजणाऱ्याची मोजणी चुकते. पस्तीस दिवसांनी तोच वेतोन फिरून आला की खरी आई तिच्या दारात जाते आणि विचारते, "तुम्हाला मूल सापडलंय म्हणे?" ती म्हणते, "सापडलंय. तुमचं आहे का?" आईने म्हणायचं, "नाही, माझं नाही. पण मला द्या." एवढं झालं, चार घरांना भात वाटला, की मूल परत आपलं.

उचलायला आली सुमिराह. कंपनीत आयांची कामं ती करायची. राजाची आई, चोराची आई, राक्षसाची आई, लेकाला लढाईवर पाठवणारी, लेकीला नदीत सोडणारी. घशातून असा हुंदका काढायची की शेवटच्या रांगेतले बैलगाडीवाले नाक शिंकरायचे. स्वतःला मूलबाळ नव्हतं. उकिरड्यावरून परत आली तेव्हा तिच्या ओठात सिगारेट तशीच होती, फक्त विझलेली.

"नवस नाही केला, कळा नाही सोसल्या," ती म्हणाली. "केर काढायला गेले आणि आई झाले. आहे का कुणाचं नशीब असं?"

पस्तिसाव्या दिवशी रुकिनाह मागायला गेली नाही. मुलीला ताप आला, म्हणून गेली नाही. पुढे कधी मनात हा विषय निघालाच तर तो याच क्रमाने निघायचा: ताप आला, आणि म्हणून. तापाच्या त्या दिवशी तिने भरल्या मांडवात म्हटलं होतं की माझ्या पोटी कुणी नाही. खेळाआधी रंगमंचाच्या कोपऱ्यात फुलं, धूप आणि कडू कॉफीची वाटी ठेवलेली असते. तिथे म्हटलेलं ऐकलं जातं, असं सगळे मानतात. तिने ठरवून टाकलं की मोजणाऱ्याने ते ऐकलं. तो तपासायला आला. बाई म्हणते नाही, मग हे तान्हं कुणाचं? म्हणून त्याने मुलीच्या कपाळाला हात लावून पाहिला. तीन दिवसांनी ताप उतरला. रुकिनाह म्हणाली, आता पुढच्या वेतोनला मागेन. पुढच्या वेतोनला मांडव तेमांगुंगला होता आणि ती म्हणाली, इतक्यात नको, त्याचं लक्ष अजून आपल्यावर आहे.

छातीला ती पट्टा आवळून बांधायची. पट्ट्यावर चोळी, चोळीवर मखमल, मखमलीवर खोटं सोनं. प्रेमाच्या प्रवेशात राजपुत्र तिची हनुवटी उचलत असताना प्रेक्षकांत कुणाचं तरी तान्हं रडायचं आणि पट्ट्याच्या आत दूध फुटायचं. ती झटकन पाठ फिरवायची. लोकांना वाटायचं, राजकन्या लाजली. बायका म्हणायच्या, लाजावं तर रुकिनाहने. ती भिंतीसारखी उभी राहून मोजत असायची, किती श्वासांत ते थांबतं.

मुलीचं नाव वुर्यानी ठेवलं. ठेवलं सुमिराहने. मुलगी बोलायला लागली तेव्हा सुमिराहला सिंबोक म्हणाली, म्हणजे आई. रुकिनाहला बुलिक म्हणाली, आईची धाकटी बहीण. सिंबोकला ती अगंतुगं करायची, बुलिकला अहोजाहो. एवढ्याशा तोंडातून ते "तुम्ही" ऐकताना कंपनीतली माणसं हसायची.

"बुलिक, तुम्ही रोज कुणाच्या ना कुणाच्या प्रेमात कशा पडता?" पाच वर्षांची वुर्यानी विंगेतल्या खोक्यावर बसून विचारायची.

"पोटासाठी."

"आणि सिंबोक रोज रडते ती?"

"ती पण पोटासाठी."

"मग तुम्हीच जास्त चांगलं पोट भरता," वुर्यानी म्हणायची. "तुम्हाला हार मिळतो."

दर पस्तीस दिवसांनी मंगळवार क्लिवोन यायचा. त्या दिवशी रुकिनाह आपली चटई मांडवाच्या पार दुसऱ्या टोकाला न्यायची. मुलीच्या ताटातलं खायची नाही, तिच्या सावलीवर पाय पडू द्यायची नाही. आणि त्या दिवशी खेळात उभी राहिली की शेवटच्या रांगेमागे, डाव्या खांबाला टेकलेला एक माणूस तिला दिसायचा. सगळे हसायचे तेव्हा तो हसत नसे. दिव्यांचा झोत डोळ्यांवर असल्याने चेहरा दिसायचा नाही, फक्त उभं राहणं दिसायचं. मुंतिलानला दिसला, पुर्वोरेजोला दिसला. मांडव बदलायचा, खांब तोच. तो दिसला की ती अधिक उत्कट प्रेम करायची. राजपुत्राच्या गळ्यात पडायची, कोवळं हसायची, सोळा वर्षांची व्हायची. बघ, असं त्याला सांगायची, माझ्यात आई कुठे आहे, दाखव.

अशी अठरा वर्षं. घराघरांत टीव्ही आले, मांडवाला ठिगळं पडली, राजपुत्र बदलत गेले, शेवटचा तर तिच्याहून चौदा वर्षांनी लहान होता. विदूषक सार्पिन रंगमंचावरच म्हणायचा, "राजकुमारी, आता तरी हो म्हणा! तुमच्यासाठी थांबलेल्या राजपुत्रांचे नातू शाळेत जायला लागले." प्रेक्षक खिदळायचे. रुकिनाह पंख्याआडून म्हणायची, "शाळेत जातात ना? मग तुझ्यापेक्षा शहाणे असतील," आणि टाळी घ्यायची. पाक जोयो मात्र हसत नसत. दर दुपारी फळ्यासमोर खडू घेऊन उभे राहायचे, आणि तिच्या नावापुढे काही क्षण हात थांबायचा.

उपवासाच्या महिन्याच्या सुरुवातीला मांडव कुतोआर्जोला असताना सुमिराह आजारी पडली. छातीत पाणी झालं होतं. वुर्यानी तिच्या पायांना तेल लावायची, तांदळाची पेज पाजायची, आणि तेवढ्यात आपलं लग्नही ठरल्याचं सांगून तिला हसवायची. मुलगा दार्सोनो, शाळामास्तर. सरकार जावाच्या माणसांना समुद्रापार लाम्पुंगला जमिनी देऊन वसवत होतं. तिथल्या नव्या शाळेत त्याची नेमणूक झाली होती. ईदेनंतर लग्न, लग्नानंतर आठ दिवसांत बोट.

एका दुपारी वुर्यानी विहिरीवर गेली होती तेव्हा रुकिनाह सुमिराहच्या उशाशी येऊन बसली. वर पत्र्यावर कावळा चालत होता.

"माग ना," सुमिराह डोळे न उघडता म्हणाली.

"काय?"

"सोंग नको करूस. मांडवात करतेस तेवढं पुरे. माग. अजून तोंड आहे मला उत्तर द्यायला."

रुकिनाहने तिच्या कपाळावरचा घाम पुसला. "आधी बरी हो, ताई. मग बघू."

सुमिराह हसली, हसता हसता खोकली. "मुहूर्त बघणारी बाई तू," ती म्हणाली. "मी काय, मी ठेवून घेतलं. मला कुठे जड झालं होतं?"

तिसऱ्या दिवशी ती गेली. गावच्या कब्रस्तानात चाफ्याखाली तिला ठेवलं. माती पडताना रुकिनाहच्या मनात एकच गोष्ट फिरत होती, की आता जिच्या दारात जाऊन मागायचं ती बाईच उरली नाही. मूल सापडलं होतं, पण परत देणारं कुणी राहिलं नाही. वुर्यानी थडग्यावर आडवी पडून "सिंबोक, सिंबोक" म्हणत होती. बायकांनी तिला उचललं आणि रुकिनाहच्या खांद्यावर टेकवलं. "बुलिक आहे ना गं तुला," त्या म्हणाल्या. रुकिनाहचे हात हवेत तसेच राहिले. मग तिने ते मुलीच्या पाठीवर ठेवले, गरम भांड्याला लावावेत तसे.

ईदेच्या सकाळी धाकट्यांनी थोरांच्या गुडघ्यांवर डोकं टेकून वर्षभराच्या चुकांची माफी मागायची असते. वुर्यानी आधी कब्रस्तानात जाऊन आली. मग कंपनीतल्या थोरांसमोर एकेक करून वाकत रुकिनाहपर्यंत पोचली. डोकं गुडघ्यांवर टेकलं. केसांना चाफ्याच्या पानांचा कडवट वास होता.

"बुलिक, कळत नकळत काही चुकलं असेल तर पोटात घाला."

यावर म्हणायचं ते साधं असतं: माझंही तू पोटात घाल. रुकिनाह तिच्या केसांतली माती झटकत राहिली. मुलगी वाकलेलीच राहिली, मागे रांग खोळंबली, आणि शेवटी सार्पिन म्हणाला, "आवरा की आता! तुमची माफी संपेपर्यंत माझ्या ताटातले केतुपात थंड होतील." सगळे हसले. मुलगी उठून पुढे गेली.

ईदेच्या तिसऱ्या दिवशी भर दुपारी खेळ लावला होता. सुट्टीला घरी आलेली माणसं संध्याकाळच्या गाड्यांनी परत जाणार होती. दासी-सख्यांची कामं करणाऱ्या वुर्यानीचा कंपनीतला तो शेवटचा खेळ. पाक जोयो फळ्यासमोर उभे राहिले, राजकन्या लिहिलं आणि पुढे वुर्यानी लिहिलं. त्याखाली आई लिहिलं, आणि न थांबता रुकिनाह.

रुकिनाह फळ्याकडे बघत राहिली.

"गोष्ट जुनी आहे," पाक जोयो म्हणाले. "राणीने राजवाडा वाचवायला लेक नदीत सोडलेली असते. कोळ्यांनी वाढवलेली. आता ती आपल्या माणसाबरोबर परमुलखात निघालीय. वाटेत दोघी भेटतात. राणी तिला ओळखते. एवढंच. पुढे सार्पिन येऊन हसवेल." मग सगळे उठत असताना तिला एकटीला म्हणाले, "वाक्य मी देत नाही, रुकिनाह. मी कधीच दिलं नाही."

सुमिराहची तपकिरी चोळी तिला सैल झाली. खांद्यापाशी आतून टाचण्या लावल्या. चेहऱ्यावर पावडर नाही, फक्त कोळशाच्या दोन रेघा. आरशात एक बाई दिसली. ती बऱ्याच वर्षांपासून तिथे असावी.

दुपारच्या उजेडात मांडव वेगळाच दिसतो. पत्र्याच्या भोकांतून उन्हाच्या काठ्या खाली उतरलेल्या असतात, प्रेक्षकांची तोंडं दिसतात, पोरांच्या हातातले फुगे दिसतात. रुकिनाह राणी होऊन आत आली तेव्हा वुर्यानी मधोमध उभी होती, हातात गाठोडं, मागे राजपुत्र. राणीने आता म्हणायचं होतं की तुझ्या दंडावरची खूण ओळखीची आहे, किंवा असंच काहीतरी. रुकिनाहने तोंड उघडलं.

"इथे कुणाला मूल सापडलंय म्हणे?"

राजपुत्र गोंधळला. विंगेत ढोलकीवाल्याचा हात थांबला. वुर्यानीने गाठोडं खाली ठेवलं. तिने रुकिनाहकडे नीट पाहिलं, आणि अगदी सुमिराहच्या घशातून आल्यासारख्या आवाजात म्हणाली,

"सापडलंय. तुमचं आहे का?"

म्हणजे तिला माहीत होतं. प्रश्नामागून प्रश्न कसा येतो तेही माहीत होतं. आता रुकिनाहने म्हणायचं होतं, नाही, माझं नाही. तो एक नकार दिला की देणारी दिलं म्हणणार होती, मग ती देणारी कुणीही असो. अठरा वर्षं तोच नकार तिच्या जिभेवर बसलेला होता. रोज एका नव्या माणसाच्या गळ्यात पडून तिने तो दिला होता. तिने तो शोधला, आणि तो सापडेना.

"हो," ती म्हणाली. "माझं आहे."

पुढच्या रांगेतली एक म्हातारी रडायला लागली. टाळ्या वाजल्या, पाकिटं येऊन पडली. रुकिनाहने भीतीने डाव्या खांबाकडे पाहिलं. खांबाला टेकून कुणी नव्हतं. खांबामागे लाल फुग्यांचा विक्रेता आपली सायकल पुसत होता, आणि त्याच्यापलीकडे उघडं दार, दारातून रस्ता. इतक्या उजेडात तिथे लपायला जागाच नव्हती. कधी असावी असंही वाटेना.

राजपुत्राने कसंबसं काहीतरी म्हणत प्रवेश संपवला. सार्पिन उड्या मारत आत आला आणि दोघी विंगेत आल्या. बाहेर हशा सुरू झाला.

वुर्यानी खोक्यावर बसली, अंबाड्यातली फुलं काढून मांडीवर ठेवू लागली.

"घाबरू नका," ती म्हणाली. "मला काही होणार नाही. मोजायचं असतं तर त्याने इतकी वर्षं कशाला लावली असती?"

"तुला कुणी..."

"सिंबोकने. गेली त्याच्या आदल्या दिवशी. सगळं सांगितलं. सूप, उकिरडा, सगळं. म्हणाली, मागायला आली तर हे असं विचार. मी म्हटलं, आणि नाही आली तर? ती म्हणाली, ती येईल, पण वेळ चुकवून येईल." वुर्यानी किंचित हसली. "बरोबर ओळखलं होतं ना तिने तुम्हाला?"

"वुर, मी भीतीने..." रुकिनाह म्हणाली. "तुला ताप आला होता. तू जळत होतीस. मला वाटलं, जवळ गेले तर तुला नेईल तो. मी लांब राहिले ती तुझ्यासाठी राहिले."

"ते सिंबोकपण म्हणाली. तिचा तुमच्यावर राग नव्हता. माझाही नाही. दार्सोनोलाही मी सांगितलंय, लग्नात आईच्या जागी तुम्हीच बसाल. दुसरं आहे कोण मला?" तिने शेवटचं फूल काढलं. "फक्त एक विचारायचंय. समुद्रापार गेल्यावर कुणाला विचारू?"

बाहेर सार्पिन काहीतरी म्हणाला आणि मांडव हशाने दणाणला. ती आवाज ओसरायची वाट बघत थांबली.

"सिंबोक म्हणाली, पस्तिसाव्या दिवशी तिने पहाटेच भात शिजवला होता. केळीची पानं पुसून मांडली होती. मला न्हाऊ घालून मांडीवर घेऊन दारात बसली होती, तुम्ही याल म्हणून. सकाळभर बसली. मला ताप दिवेलागणीला आला, बुलिक. सकाळी नव्हता. मग सकाळी का नाही आलात?"

रुकिनाहला सकाळ आठवत होती. ती विसरली कधीच नव्हती, तिने फक्त तिच्यापुढे ताप आणून उभा केला होता. सोलोहून नवा राजपुत्र त्या सकाळी आला होता, ओल्या केसांचा, हातात मोगऱ्याचा गजरा. खोपटातून भाताचा वास येत होता. आरशासमोर ती छातीचा पट्टा आवळत होती. त्याने दारातून विचारलं होतं, लोक म्हणतात तुला मूल आहे, खरं की काय? आणि ती हसली होती. कुणीही घाबरवलं नव्हतं. हसून तिने मान वळवली होती, गजरा माळता यावा म्हणून. मोगरा गार होता. ती किती सुखात होती.

वुर्यानी बघत होती. तिच्या डोळ्यांत आरोप नव्हता, खरंच फक्त प्रश्न होता, आणि उत्तर मिळेल असा विश्वास. काहीही सांगितलं असतं तरी तिने ते बरोबर नेलं असतं, बोटीत गाठोड्यात घालून, लाम्पुंगपर्यंत. एक वाक्य पुरलं असतं. अठरा वर्षं रुकिनाह कुणीही न दिलेली वाक्यं बोलून पोट भरत आली होती. हे मात्र तिला रचवेना, आणि ती सकाळ मुलीच्या गाठोड्यात घालवेना.

तिने मुलीच्या मांडीवरची फुलं सरळ केली. खांद्यातली एक टाचणी सुटली होती, तिच्याकडे लक्ष दिलं नाही. मग ती वळली, फळ्यासमोरून गेली, चटईवर टेकलेल्या पाक जोयोंच्या समोरून गेली, मागची कनात वर करून बाहेर उन्हात आली आणि रस्त्याला लागली.